न वाजलेलं दार

गजरावांचं खरं नाव गजराव नव्हतं. वडील शिंपी, आणि पोरगा लहानपणापासून असा काही सरळसोट वाढला की दुकानात येणारी गिऱ्हाइकं म्हणायची, "शिंपीदादा, कापड मोजायचा गज हरवला तर ह्यालाच आडवा करा." तेव्हापासून घरी, शाळेत, गल्लीत सगळीकडे तो गज्या. पुढे सिनेमात वकिलाचा काळा कोट अंगावर चढला, तसा गज्याचा गजराव झाला. एक माणूस मात्र शेवटपर्यंत गज्याच म्हणत राहिला, आणि त्याच्या तोंडून ती हाक आली की एवढा उंच माणूस एकदम बुटका व्हायचा. तो माणूस म्हणजे मास्तर.

मास्तर शाळेचे नव्हेत, नाटकाचे. उभी हयात फिरत्या कंपनीत गेलेली. शिंप्याचा पोरगा नाटकाचे कपडे पोचवायला म्हणून तंबूत जायचा आणि परत यायचं नाव घ्यायचा नाही. मास्तरांनी त्याला एकदा कान धरून उभा केला आणि म्हणाले, "नट व्हायचंय? मग आधी गप्प उभा राहा. बोलायला काय, कुणीही बोलतं. समोरचा बोलतोय तेव्हा जो नीट ऐकतो, तो नट." मास्तर स्वतः ऐकायचे ते असं, की आत विंगेत बसून डोळे मिटलेले, विडी विझलेली, आणि बाहेर कुणी एक शब्द खाल्ला तरी भुवई वर. प्रॉम्प्टरने घाईत दोन पानं एकदम उलटली तरी त्यांना कळायचं. कंपनीतले लोक म्हणत, मास्तरांच्या पाठीमागे मनातसुद्धा शिव्या द्यायची सोय नाही.

गजरावांची गंमत वेगळी. त्यांचं पाठांतर जागेला बांधलेलं. कपाटापाशी उभं राहून पाठ केलेलं वाक्य त्यांना कपाटापाशीच आठवणार, खुर्चीतलं खुर्चीतच. मास्तर वैतागायचे. "अरे, वाक्य डोक्यात ठेव, फर्निचरमध्ये काय ठेवतोस?" पण सवय ती सवय. तालमीच्या खोलीत जमिनीवर खडूने चौकोन आखलेले असायचे, हे टेबल, हे दार, ही खिडकी. गजराव एकटेच त्या चौकोनांतून पुटपुटत हिंडायचे. झाडणाऱ्या बाईने एकदा खडू पुसून टाकला, तर ह्यांचा अख्खा दुसरा अंक गेला. बाई बिचारी म्हणाली, "मला काय ठाऊक, इथं तुमचं नाटक सांडलंय."

मग टेलिव्हिजन आलं. आजच्यासारखं नव्हे. रेकॉर्डिंग नावाचा प्रकारच नव्हता. नाटक व्हायचं ते थेट. इकडे नटाला शिंक आली की तिकडे घराघरांत शिंक. एका नाटकात मेलेला माणूस मान खाजवताना दिसला, तर दुसऱ्या दिवशी लोकांनी केंद्रावर फोन करून विचारलं, वाचला का हो तो? कॅमेरे म्हणजे चाकांवरची कपाटं. त्यांच्या मागे मनगटाएवढ्या जाड वायरी, आणि त्या वायरींत पाय अडकून पडणं हा रोजचा कार्यक्रम. दिव्यांचा उकाडा एवढा, की तोंडावरचा रंग गळ्यात उतरायचा. अशा त्या भट्टीत गजरावांना पहिलं मोठं काम मिळालं. घर सोडून गेलेला बाप वर्षांनंतर परत येतो आणि मोठा मुलगा त्याला उंबऱ्यावरूनच परत पाठवतो, असं ते नाटक. मुलगा गजराव. बापाचं काम एकाच प्रवेशाचं, पण सगळ्या नाटकाचा जीव त्यात. ते मास्तरांना मिळालं, आणि मिळालं म्हणजे गजरावांनीच निर्मात्याकडे शब्द टाकला होता. "मास्तरांनी मला उभं राहायला शिकवलं, साहेब. त्यांना एकदा बघा तरी." मास्तर तंबूतले, आवाज पहाडी. निर्मात्याला धास्ती होती की हे माइक फोडतील. पण तालमीत मास्तर असे हळू बोलले, की निर्माता नुसता बघत राहिला.

मास्तरांच्या घरी तर आनंदीआनंद. वहिनींनी, म्हणजे मास्तरांच्या बायकोने, गल्लीत सगळ्यांना सांगून ठेवलं. टेलिव्हिजन होतं एकट्या रेडिओ दुरुस्तीवाल्याकडे. त्याने दुकानासमोर बाकडी मांडली, न्हाव्याने आपल्या खुर्च्या आणल्या, आणि वहिनींना अगदी पुढे, मधोमध बसवलं.

नाटक सुरू झालं, बरं चाललं होतं. ठरलं होतं ते असं: गजराव कपाटापाशी उभे राहून म्हणणार, "एवढ्या पावसात कोण येणार?" ते वाक्य ऐकलं की मास्तरांनी बाहेरून दार वाजवायचं आणि आत यायचं. बाप बोलणार, मुलगा हाकलणार, बाप जाणार. मग मुलगा खिडकीपाशी जाऊन म्हणणार, "गेला. वळूनही बघितलं नाही त्यानं." मास्तर दारामागे तयार होते. अंगावर पाणी शिंपडलेला ओला कोट, हातात गाठोडं. बाजूला एक जण पत्र्याच्या ताटात वाटाणे हलवून पाऊस पाडत होता.

आणि नेमका दोनपैकी एक कॅमेरा तापून बंद पडला. वर काचेच्या खोलीत निर्माता डोकं धरून फोनवर ओरडायला लागला. उरलेल्या कॅमेऱ्याची वायर काही कपाटापर्यंत पोचेना. कॅमेरावाल्याने खालून हात हलवून गजरावांना खूण केली, सरका, इकडे खिडकीपाशी या. गजराव सरकले. त्यात त्यांचं काय चुकलं? कुणीही सरकला असता. पण खिडकीपाशी पाय टेकले, आणि तोंडातून खिडकीचं वाक्य बाहेर पडलं.

"गेला. वळूनही बघितलं नाही त्यानं."

बाप यायच्या आधीच गेला.

आईचं काम करणारी बाई मुरलेली. डोळे तेवढे मोठे केले, एक श्वास घेतला आणि पुढचं वाक्य उचललं. तिने उचललं म्हटल्यावर धाकट्या भावाने उचललं, आणि गाडी अशी धावत सुटली की दारामागचं स्टेशन कधी गेलं ते कुणाला कळलं नाही. गजरावांना कळलं होतं. बोलताना त्यांची नजर एकसारखी त्या दाराच्या कडीवर. आता वाजेल, आता वाजेल. वाजलं तरी काय करणार होते देव जाणे. पण दार वाजलं नाही. मास्तर जन्मभर नाटकात राहिलेले. आपलं वाक्य ऐकल्याशिवाय ते आगीतून बाहेर आले नसते आणि पावसातून आतही आले नसते.

नाटक संपलं. दिवे गेले. निर्माता जिन्यावरून धावत खाली आला तो सरळ मास्तरांवर. "दार का नाही वाजवलंत?"

मास्तर ओल्या कोटात तसेच उभे. त्यांनी निर्मात्याकडे बघितलंच नाही. गजरावांकडे बघितलं.

"गज्या, वाक्य दिलंस?"

आता इथे गजरावांनी काय म्हणायला हवं होतं ते शेंबडं पोरही सांगेल. मास्तर, चुकलो, गाळलं. झालं असतं. निर्माता चार शिव्या देता, मास्तर आणखी चार घालते, आणि विषय संपता. पण बाजूला केंद्राचे मोठे साहेब उभे होते, नट-नट्या उभ्या होत्या, आणि पहिलंच मोठं काम होतं. गजराव म्हणाले, "दिलं, मास्तर."

"मला ऐकू आलं नाही," मास्तर म्हणाले. आणि त्यांनी ओला हात उचलून स्वतःच्या कानाला लावला.

वर फोनवर असलेल्या निर्मात्याने काही ऐकलं नव्हतं. वाटाणेवाल्याला वाटाण्यांपुढे काही ऐकू येत नव्हतं. कॅमेरावाल्याच्या कानांवर हेडफोन होते, आणि धाकटा भाऊ स्वतःच्या वाक्याखेरीज कुणाचंच ऐकणारा नव्हता. नाटक हवेत विरलेलं. परत लावून बघायची सोय नाही. राहिली ती आईचं काम करणारी बाई. ती मेकअप पुसता पुसता गजरावांना म्हणाली, "मी काही बोलणार नाही, बाबा. पण तूही मला काही सांगायला येऊ नकोस." पुढे ती लेकीकडे परदेशी गेली आणि तिकडचीच झाली.

आणि पुढे झालं ते असं, की कुणाला सांगितलं तर थट्टा वाटावी. वर्तमानपत्रात नाटकाची तोंड फाटेस्तोवर स्तुती. न दिसणारा बाप, म्हणे. सगळे ज्याच्याबद्दल बोलतात तो येतच नाही, केवढा धाडसी विचार. निर्मात्याने छाती फुगवून सांगितलं, कल्पना माझीच. आतल्या लोकांत गजरावांच्या वाट्याला प्रसंगावधान आलं: समोरचा नट गोठला तरी ह्या तरुणाने नाटक सावरलं. त्या प्रसंगावधानावर त्यांना सिनेमा मिळाला. मास्तरांना मिळालं नवीन नाव. गल्लीतली पोरं त्यांना बघून एकमेकांना विचारायची, "काय रे, बाप आला का?" आणि दुसरा ओरडायचा, "दारात उभाय!"

सिनेमात पहिल्याच दिवशी गजराव अडखळले. तेवढ्यात दिग्दर्शक जांभई देत म्हणाला, "पुन्हा घेऊ." पुन्हा! गजरावांना तिथेच रडू कोसळलं. लोकांना वाटलं, नवीन आहे, घाबरला. पुन्हा घेता येतं, हे ज्या माणसाला एका संध्याकाळी कुणी सांगितलं असतं तर बरं झालं असतं, त्याचं ते रडू होतं. पुढे ते पडद्यावरचे वकील झाले. एकदा झाले ते झाले, नंतर कुणी त्यांना दुसरं काही होऊच देईना. कितीक खुनी त्यांनी सोडवले आणि कितीक निरपराध फासावर चढवले त्याला गणती नाही. शेजारी भाडेकरूंची भांडणं घेऊन यायचे. त्यांचे थोरले भाऊ, जे दुकान चालवत, ते म्हणायचे, "एवढ्या केसेस लढलास, एकदा माझ्या घरमालकाला तरी समजावून सांग." एका सिनेमात वकिलाला घोड्यावर बसवायचं ठरलं. ह्यांना घोडा माहीत नाही, घोड्याला हे. मग ड्रमवर खोगीर बांधलं, चार दांडगे गडी तो ड्रम हलवत होते, आणि पडद्यावर वकीलसाहेब रानातून दौडत चाललेले. थेटरात लोकांनी शिट्ट्या मारल्या. गजराव अंधारात बसून मनात म्हणत होते, बघा, कसं सगळ्यांना फसवता येतं.

मास्तरांनी काम सोडलं. कुणी काढलं म्हणून नव्हे, स्वतः सोडलं. "कान गेले," म्हणायचे. डॉक्टरकडे जाऊन आले. डॉक्टर म्हणाला, कान तुमचे माझ्यापेक्षा चांगले आहेत. तर मास्तर घरी येऊन म्हणतात कसे, "त्यानं कानाला घड्याळ लावलं. घड्याळ काय, सगळ्यांनाच ऐकू येतं. घड्याळ कधी वाक्य देतं का?" जुन्या कंपनीच्या मालकाने निरोप पाठवला, मोठी भूमिका आहे, या. मास्तर नाही म्हणाले. पुन्हा निरोप, पुन्हा नाही. मालक स्वतः येऊन बसला, तर त्याला म्हणाले, "बाबा रे, ज्याला समोरच्याचं ऐकू येत नाही त्यानं दुसऱ्याचं नाटक का बुडवावं? एकदा बुडवलं तेवढं पुरे." मग सार्वजनिक वाचनालयात पुस्तकं लावायची नोकरी धरली. तिथे ऐकायचं काय असतं?

हे सगळं गजरावांना ठाऊक होतं. ते वरचेवर मास्तरांकडे जायचे. जिना चढताना प्रत्येक वेळी ठरवायचे, आज सांगायचं. वहिनी दार उघडायच्या, "या भाऊजी," म्हणायच्या, चहा टाकायच्या. मास्तर विचारायचे, "काय गज्या, सध्या कुणाला फाशी?" हसणं व्हायचं, कप रिकामे व्हायचे, आणि सांगायचं ते तसंच पोटात घेऊन गजराव जिना उतरायचे. वहिनींना साडी नेत, मास्तरांना शाल नेत. एकदा वहिनी म्हणाल्याच, "भाऊजी, एवढं कशाला आणता? तुम्ही काय आमचं देणं लागता?" गजराव त्या दिवशी चहा अर्धा टाकून उठले.

एकदा त्यांनी डोकं चालवलं. मास्तरांना सिनेमात काम मिळवून दिलं, प्रेताचं. म्हटलं, प्रेताला काही ऐकावं लागत नाही, निदान मास्तर दिव्यांखाली तरी येतील. मास्तर आले. तिरडीवर असे पडले, की कॅमेऱ्यामागची बाई खरंच जवळ जाऊन श्वास बघून आली. प्रसंग असा, की वकिलाला उशिरा कळतं, ज्याला आपण गुन्हेगार ठरवलं तो निरपराध होता. गजराव त्या चेहऱ्यावर वाकले आणि जे रडायला लागले ते थांबेनातच. दिग्दर्शक खूश, फिल्म संपेपर्यंत चालू ठेवलं. बाहेर आल्यावर मास्तर कपाळाचा रंग पुसत म्हणाले, "बरं रडलास, गज्या. पण जरा जास्त झालं. मेलेल्या माणसालासुद्धा अवघडायला झालं."

त्या सिनेमासाठी गजरावांना मानाची ढाल मिळाली. ती त्यांनी माळ्यावर टाकली. बायकोने विचारलं, तर म्हणाले, धूळ बसते.

वर्षं गेली. केस पिकले. मग टेलिव्हिजन केंद्राने जुन्या दिवसांवर एक कार्यक्रम काढला आणि गजरावांना बोलावलं. आता सगळं रेकॉर्ड होत होतं, चुकलं तर पुसता येत होतं. मुलाखत घेणारी मुलगी हसतमुख, चुणचुणीत. घोड्याचा किस्सा झाला, खाजवणाऱ्या प्रेताचा झाला. मग ती म्हणाली, "आणि त्या गाजलेल्या नाटकात म्हणे बापाचं काम करणारे गृहस्थ दारामागे चक्क झोपले होते? खरं का हो?"

झोपले होते! कुठून कुठे जाते गोष्ट. गजरावांनी तोंड उघडलं. समोर लाल दिवा लागलेला, मुलगी हसतेय, कॅमेरावाले हसतायत. आणि गजरावही हसले. नुसते हसलेच नाहीत, तर म्हणाले, "आता त्यांनाच विचारा, स्वप्नात पाऊस होता का ते."

दुसऱ्या दिवशी केंद्रावर जाऊन तरुण निर्मात्याला म्हणाले, "तेवढं काढून टाका." तो म्हणाला, "सर, तोच तर सगळ्यांत मजेदार भाग आहे. जाहिरातीतसुद्धा तोच घेतलाय." कार्यक्रम रविवारी संध्याकाळी लागणार होता. वहिनी तो बघणार. गल्ली बघणार. रविवारी दुपारी जेवणाच्या ताटावरून गजराव उठले, आणि ह्या खेपेला रिकाम्या हातांनी मास्तरांचा जिना चढले.

मास्तर खिडकीतल्या खुर्चीत बसले होते. वहिनी तांदूळ निवडत होत्या. गजराव समोर बसले आणि खालच्या आवाजात, जसं इतकी वर्षं मनात घोळवलं होतं तसं, म्हणाले, "मास्तर, त्या नाटकात मी वाक्य दिलंच नव्हतं."

"काय?" मास्तर म्हणाले.

"वाक्य. मी दिलं नव्हतं."

"जरा मोठ्यानं बोल. आता खरंच येत नाही ऐकू. वय झालं."

म्हणजे बघा. जे बायकोच्या कानातसुद्धा कुजबुजलं नव्हतं, ते आता ओरडून सांगायचं. गजराव उठले, उभे राहिले आणि ओरडले, "मी वाक्य गाळलं, मास्तर! तुमचे कान चांगले होते! मी खोटं बोललो!" आवाज चांगला कमावलेला, खालच्या मजल्यावर कुणाचं तरी भांडं पडलं. आणि एकदा तोंड फुटल्यावर ते थांबेनात. कॅमेरा कसा बंद पडला, कसं सरकायला लावलं, खिडकी, कपाट, सगळं हातवारे करून सांगितलं. डोळ्यांतून पाणी, छातीवर हात, गुडघ्यांवर बसायचेच बाकी राहिले.

मास्तर खिडकीबाहेर बघत राहिले. बोलल्या त्या वहिनी. तांदळाचं सूप त्यांनी बाजूला ठेवलं.

"भाऊजी, त्या दिवशी खाली दुकानासमोर मी पुढच्या खुर्चीत बसले होते. ह्यांना सांगितलंत ते ठीक. पण माझी मान खाली गेली ती तिथे. आज परत तुमचा कार्यक्रम आहे ना? बघितली मी जाहिरात. झोपले होते म्हणे." त्यांनी पायांत चपला सरकवल्या. "चला. आधी तिथं सांगा."

रेडिओवाला अजून होता. पाठीत वाकलेला, पण दुकान तेच. न्हाव्याचा मुलगा आता न्हावी होता. गजराव गल्लीत उतरले तर कोण गर्दी! "वकीलसाहेब आले!" खुर्च्या निघाल्या, चहा आला. कुणी म्हणालं, "साहेब, आमच्या नळाचं एक प्रकरण आहे." गजराव म्हणाले, "मी एक सांगायला आलोय. ते जुनं नाटक आठवतं का कुणाला?" म्हाताऱ्यांना आठवत होतं. "बाप न आलेलं? तेच ना?"

आणि गजरावांनी सांगायला सुरुवात केली. फर्निचरमध्ये ठेवलेली वाक्यं सांगितली, लोक हसले. झाडणारी बाई सांगितली, लोक आणखी हसले. वाटाण्यांचा पाऊस, फोनवर नाचणारा निर्माता. खिडकीपाशी पाय टेकला, म्हणून त्यांनी रेडिओवाल्याच्या पायरीवर पाय टेकला, एक क्षण थांबले, आणि तोंड वेडंवाकडं करून म्हणाले, "गेला. वळूनही बघितलं नाही त्यानं." गल्ली लोटपोट झाली. न्हावी डोळे पुसत म्हणाला, "म्हणजे बाप बाहेर भिजतोय आणि हे म्हणतायत गेला!" गजरावांनाही त्या हसण्याची ऊब लागली. पुढचं वाक्य कसं टाकायचं ते जिभेवर तयार होतं.

तेव्हा त्यांचं लक्ष वहिनींकडे गेलं. वहिनी हसत नव्हत्या. त्या बाकड्याच्या टोकाला बसल्या होत्या, पदर मुठीत धरून, आणि आजूबाजूच्या हसणाऱ्या तोंडांकडे एकेक करून बघत होत्या. त्या नाटकाच्या संध्याकाळीही अशाच बसल्या असतील.

गजरावांच्या मनात आलं, आपण काय करतोय? मास्तरांचा तो प्रवेश आपण एकदा खाल्ला, आणि आता माफी मागायला आलो तर तीही खाऊन वर टाळ्या घेतोय.

त्यांनी पायरीवरचा पाय काढला.

"थांबा," ते म्हणाले. "मी चुकीचं सांगितलं. हे असं नाही."

"असू दे हो साहेब, झकास सांगताय," रेडिओवाला म्हणाला.

"नाही. ऐका. मी वाक्य विसरलो. मास्तरांनी मला विचारलं, दिलंस का. मी दिलं म्हणालो. ते खोटं होतं. मास्तर झोपले नव्हते, घाबरले नव्हते, त्यांचे कान चांगले होते. माझ्या खोट्यामुळे त्यांना वाटलं आपले कान गेले, म्हणून त्यांनी नाटक सोडलं. आज कार्यक्रमात मी त्यांच्यावर हसलोय, तेही खोटं आहे. एवढंच आहे."

कुणी हसलं नाही. न्हावी उगाच आपल्या खुर्चीचा हात पुसायला लागला. नळाच्या प्रकरणवाला मागच्या मागे निघून गेला. रेडिओवाला खाली बघत म्हणाला, "आम्ही पोरांना कधी अडवलं नाही हो, वहिनी. बाप आला का म्हणायचे, तेव्हा आम्हीही हसायचो." चहावर साय धरली होती. ती गोष्ट आता कुणी कुणाला सांगणार नव्हतं. तिच्यात सांगण्यासारखं काही उरलं नव्हतं.

वहिनी उठल्या. जिन्यापाशी येऊन थांबल्या.

"आता बरोबर सांगितलंत," त्या म्हणाल्या. "वर चला, आणि त्यांनाही असंच सांगा. मघाशी सांगताना हात फार हलवलेत तुम्ही. त्यांना तुमचे हातच दिसले असतील."

गजराव वर गेले. मास्तर तसेच बसले होते. गजराव त्यांच्या खुर्चीशेजारी जमिनीवर बसले, त्यांच्या कानाशी तोंड नेलं आणि न ओरडता, एकेक शब्द सुटा करून, तेवढंच सांगितलं. वाक्य दिलं नव्हतं. दिलं म्हणालो. कान चांगले होते.

मास्तरांनी नीट ऐकलं. ऐकताना त्यांची भुवई वर गेली.

"चांगले होते," ते म्हणाले.

"हो, मास्तर."

"कंपनीचा मालक इथे येऊन बसला होता. तू बसलायस ना, तिथेच. मी त्याला नाही म्हणालो."

"हो."

"तुला ठाऊक होतं?"

"होतं, मास्तर."

खाली रेडिओवाल्याच्या दुकानातून कार्यक्रमाचं संगीत सुरू झालं. मग ते एकदम बंद झालं; कुणीतरी बटण फिरवलं असावं. मास्तरांना त्यातलं काही ऐकू आलं नाही. ते गजरावांच्या पिकल्या डोक्याकडे बघत राहिले. वहिनी सवयीने स्टोव्हकडे वळल्या, तेव्हा मास्तर म्हणाले, "त्याला चहा देऊ नकोस."

गजराव उठायला लागले.

"जा असं नाही म्हटलं," मास्तर म्हणाले. "चहा नको म्हटलं. बस."

आणि गजराव बसले.